बापाची नोंद, आईचं दूध

चंगेजखान भीमेच्या काठी कधी आला नाही. १२२१ साली ख्वारिझमच्या जलालुद्दीनाचा पाठलाग करत तो सिंधूपर्यंत पोचला आणि तिथूनच माघारी वळला. १२२७ मध्ये मेला. पण स्वतःला त्याच्या रक्ताचा म्हणवणाऱ्या घराण्यातला एक बादशहा १६८९ च्या फेब्रुवारी-मार्चात पेडगाव ते तुळापूर या पट्ट्यात तळ देऊन होता. आज हा पट्टा म्हणजे शिरूर आणि दौंड तालुके, अलीकडे हवेलीचं आणि पलीकडे श्रीगोंद्याचं टोक. औरंगजेबाची छावणी ज्या वाटेने आली तिच्या उलट्या दिशेने जायचं आम्ही ठरवलं. सोबत कॉलेजात जीवशास्त्र शिकवणारा जुना मित्र. गाडी त्याची, डिझेल माझं.

वाघोली ते कोरेगाव भीमा हा रस्ता प्रवासवर्णनात लिहिण्यासारखा नाही. कंटेनरच्या मागे रांगत कोरेगाव गाठलं आणि वढू बुद्रुकला वळलो तेव्हा कुठे ऊस, कांद्याची रोपं आणि मोकळं आभाळ दिसलं. संभाजीमहाराजांच्या समाधीपाशी शाळेची सहल आली होती. चपला बाहेर काढून पोरं रांगेत उभी, आणि मास्तरांनी विचारायच्या आत तारखा तोंडपाठ: १ फेब्रुवारीला संगमेश्वरात मुकर्रबखानाने धरलं, १५ फेब्रुवारीला बहादूरगडावर बादशहापुढे नेलं, ११ मार्चला तुळापुरात मारलं. फाल्गुन अमावास्येला इथे पाय ठेवायला जागा नसते. जवळच गोविंद गोपाळ महार यांची समाधी आहे. महाराजांच्या देहावर अंत्यसंस्कार त्यांनी केले ही एक परंपरा, शिवले घराण्याच्या पूर्वजांनी केले ही दुसरी. २०१७ च्या डिसेंबरअखेरीस इथल्या फलकावरून तेढ झाली आणि १ जानेवारी २०१८ ला कोरेगाव भीमात दंगल उसळली. आपला पूर्वज कोण आणि त्याने काय केलं हा प्रश्न या भागात अजून निवलेला नाही, एवढं ध्यानात ठेवून आम्ही दोन्हीकडे हात जोडले. तुळापूरचा संगम पाहिला, पुन्हा नगर रस्ता धरला.

शिक्रापूर ओलांडेपर्यंत मित्राने त्याचा तास घेतला. २००३ साली ऑक्सफर्डच्या ख्रिस टायलर-स्मिथ यांच्या गटाने आशियातल्या पुरुषांचं वाय गुणसूत्र तपासलं. हे गुणसूत्र बापाकडून मुलाकडे जवळजवळ जसंच्या तसं जातं, मुलीकडे जातच नाही. प्रशांत महासागरापासून कॅस्पियन समुद्रापर्यंतच्या पट्ट्यात सोळा लोकसमूहांमध्ये त्यांना एकाच मुळाचा वाय सापडला. त्या भागातल्या पुरुषांत तो शेकडा आठांमध्ये होता, जगभरच्या पुरुषांत दोनशेत एकामध्ये. म्हणजे सुमारे एक कोटी साठ लाख पुरुष. मूळ पुरुष मंगोलियातला, हजारएक वर्षांपूर्वीचा. पाकिस्तानात तो वाय फक्त हजारा लोकांत निघाला, आणि हजारा तर पिढ्यान्‌पिढ्या आपण चंगेजखानाचे असं सांगतच होते. संशोधकांनी दोनात दोन मिळवले. वर्तमानपत्रांनी त्याचे बावीस केले.

“पण खानाची कबर कुठे सापडलीय?” मी विचारलं.

“नाही ना. म्हणजे त्याचा स्वतःचा वाय कुणी पाहिलेलाच नाही. शिवाय २०१८ साली दुसऱ्या गटाने म्हटलं, हा वाय साध्या मोंगल शिपायागड्यांचा असावा, खानाच्या घराण्याचाच असं धरायला आधार नाही.”

“आणि औरंगजेबात?”

“असायचं कारणच नाही. बाबराचा बाप तैमूरच्या वंशातला. चंगेजखान आला तो आईकडून.”

हे मला पुस्तकातून माहीत होतं, पण त्याचा अर्थ कधी नीट लावला नव्हता. बाबराची आई कुत्लुघ निगार खानम ही ताश्कंदच्या युनूसखानाची मुलगी, आणि युनूसखान चंगेजखानाच्या दुसऱ्या मुलाच्या, चगताईच्या वंशातला. तैमूरलंग स्वतः बरलास जमातीचा. मध्य आशियात तेव्हा ज्याची पितृरेषा चंगेजखानापर्यंत जात नाही त्याला खान म्हणवून घेता येत नसे. दिल्लीपासून दमास्कसपर्यंत लुटणारा तैमूर कागदोपत्री अमीरच राहिला, गादीवर एक नामधारी खान बसवून. मग त्याने सराय मुल्क खानम या चंगेजवंशी राजकन्येशी लग्न केलं आणि ‘गुरकान’, म्हणजे जावई, ही पदवी मिरवली. पुढे मुघल घराणं स्वतःला गुरकानीच म्हणवत असे. सासऱ्याच्या नावावर चाललेलं इतकं मोठं साम्राज्य दुसरं आठवत नाही.

शिरूर. जुनी माणसं अजून घोडनदीच म्हणतात. चहाला थांबलो ते तहसील कचेरीजवळ. स्टँपवाले, झेरॉक्सवाले, अर्ज लिहून देणारे, आणि त्यांच्या भोवती प्लॅस्टिकच्या पिशव्यांत कागद जपून आणलेली माणसं. २०२३ च्या सप्टेंबरात न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली आणि मराठ्यांना कुणबी दाखले देण्यासाठी जुन्या नोंदी शोधायचं काम सुरू झालं, तेव्हापासून महाराष्ट्रात मोडी वाचणाऱ्याला भाव आला आहे. शेजारच्या बाकावर एका काकांनी एक झेरॉक्स पसरली होती. गाव नमुना चौदा, ज्याला कोतवाल बुक म्हणतात, त्याचं पान: जन्म-मृत्यूच्या नोंदी, मोडीत. एका ओळीखाली तांबड्या पेनाने रेघ. खाली कोऱ्या कागदावर वंशावळ काढलेली: वर खापरपणजोबा, मग चौकोनांची उतरंड, शेवटच्या चौकोनात बारावीतला नातू. सगळ्या चौकोनांत पुरुष.

“ह्या अंगाला बायका न्हाईत का?” मी विचारलं.

“आईकडची नोंद चालत न्हाई ना. मामाच्याकडं ढीगभर सापडल्यात,” काका म्हणाले. “पर बापाच्या अंगानंच लागतीय.”

मित्राने माझ्याकडे पाहिलं. आम्ही दोघंही एकच विचार करत होतो: बाबर तहसीलच्या खिडकीपाशी चंगेजखानी दाखला मागायला आला असता तर अर्ज परत गेला असता. कचेरी आणि वाय गुणसूत्र, दोघांचाही नियम एकच.

शिरूरहून न्हावरा फाट्याच्या बाजूला निघालं की गोठे लागतात. एका वस्तीवर पाणी प्यायला थांबलो. पत्र्याच्या शेडात काळ्या-पांढऱ्या एचएफ, म्हणजे होल्स्टीन गाई, दूध काढायची मशीन धुऊन उलटी टांगलेली, आणि नुकत्याच येऊन गेलेल्या डॉक्टरने फेकलेली कृत्रिम रेतनाची रिकामी कांडी. बॉलपेनच्या रिफिलएवढी नळी. तिच्यावर बारीक अक्षरांत वळूचा नंबर, जात आणि तारीख छापलेली. इथून उरुळी कांचन फार लांब नाही. मणिभाई देसाईंनी १९६७ साली तिथे बाएफ ही संस्था काढली आणि गोठवलेलं वीर्य खेडोपाडी पोचवलं. एक वळू हजारो वासरांचा बाप होऊ शकतो हे पुणे जिल्ह्यातल्या गवळ्याला कुणी शिकवावं लागत नाही. अमेरिकेत रेतनासाठी वापरल्या जाणाऱ्या जवळजवळ सगळ्या होल्स्टीन वळूंची पितृरेषा मागे नेली तर ती १९६० च्या दशकातल्या दोनच वळूंपाशी थांबते. घोड्यावर बसून अर्धी दुनिया जिंकायची गरज पडली नाही. नायट्रोजनची टाकी पुरली.

“मग तुम्ही कांडी घेताना काय बघता? वळूचं नाव?” मित्राने विचारलं.

गोठेवाला हसला. “नाव घिऊन काय करायचं सर? वळू काय दूध देतो व्हय? त्याच्या आईचं दूध किती ते बघायचं.”

त्याने मोबाइलमध्ये कंपनीची यादी दाखवली. खरंच, प्रत्येक वळूच्या फोटोखाली आईच्या वेताचं दूध लिटरमध्ये दिलेलं होतं. दिवसभरात वंशावळीबद्दल ऐकलेलं सगळ्यात शहाणं वाक्य हेच.

इनामगावला पोचलो तेव्हा ऊन कलायला लागलं होतं. घोड नदीच्या काठी मातीची पांढरी, आजूबाजूला शेतं. माहिती नसेल तर सरळ पुढे निघून जाल. डेक्कन कॉलेजचे सांकलिया, ढवळीकर आणि अन्सारी यांनी १९६८ ते १९८३ या काळात इथे खणलं, आणि दख्खनच्या पहिल्या शेतकऱ्यांचं अख्खं गाव वर आलं. इसवी सनापूर्वी सुमारे १६०० ते ७००, म्हणजे जवळजवळ नऊशे वर्षांची वस्ती. शंभरावर घरं, जव, पाटाचं पाणी, पुराला आडवा घातलेला बांध. मेलेलं मूल दोन मडकी तोंडाला तोंड लावून त्यांत ठेवायचे आणि घराच्या जमिनीखालीच पुरायचे. मोठ्या माणसाला पुरताना घोट्याखालचे पाय तोडायचे. का, यावर विद्वानांचे तर्क आहेत. मला सगळ्यात पटतो तो घरचा: गेलेल्याने घर सोडून जाऊ नये, किंवा भूत होऊन फिरू नये. एकाचे पाय मात्र तोडले नव्हते. गावाच्या मधोमध पाच खोल्यांचं मोठं घर, त्यातच धान्याचं कोठार, आणि अंगणात चार पायांचा मातीचा मोठा रांजण. त्यात मांडी घालून बसवलेला एक पुरुष. तो गावचा प्रमुख असावा असं मानतात.

“ह्याचा वाय काढता आला तर?” मी म्हटलं. “शिरूरमधल्या कुणाशी जुळेल?”

मित्र नाही म्हणाला. आपल्या गरम मातीत डीएनए टिकत नाही. डेक्कन कॉलेजचेच वसंत शिंदे हरियाणात राखीगढीला खणत होते. तिथल्या साठाहून अधिक नमुन्यांतून एकाच सांगाड्याने, एका बाईने, वाचता येईल इतका डीएनए दिला, आणि त्यावरचा निबंध २०१९ मध्ये आला. आणि जुळलं तरी काय? तीन हजार वर्षांमागचा माणूस, ज्याचा वंश टिकला असेल तो, या खोऱ्यातल्या सगळ्यांचाच पूर्वज ठरतो: पाटलाचा, महाराचा, रामोशाचा, मुलाण्याचा. गावात आता बघायला फार काही उरलेलं नाही. बघायचं असेल तर पुण्यात डेक्कन कॉलेजच्या संग्रहालयात जा.

दौंडला जेवलो. जंक्शनच्या गावाला असतं ते सगळं तिथे आहे: रेल्वेच्या चाळी, रात्रीबेरात्री उघडी हॉटेलं, मनमाडच्या गाडीची चौकशी करणारी माणसं. रात्री मुक्काम केला आणि सकाळी भीमा ओलांडून श्रीगोंदा तालुक्यात पेडगावला गेलो.

बहादूरगड हा भुईकोट. आता लोक धर्मवीरगड म्हणतात. तो नावारूपाला आणला बहादूरखान कोकलताशने, १६७० नंतरच्या काही वर्षांत. हा औरंगजेबाचा दूधभाऊ, म्हणजे बादशहाच्या दाईचा मुलगा. रक्ताचा थेंब जुळत नसताना केवळ एका बाईच्या दुधावर दख्खनची सुभेदारी मिळवणारा माणूस. इथेच १६७४ च्या पावसाळ्यात मराठ्यांच्या एका लहान फौजेने हूल दिली, खान किल्ला सोडून त्यांच्या मागे लागला, आणि दुसऱ्या मोठ्या तुकडीने आत शिरून खजिना आणि घोडे नेले. एक कोट रुपये आणि दोनशे घोडे असं सांगतात. त्याच वर्षी रायगडावर राज्याभिषेक झाला, आणि त्यासाठी मेवाडच्या शिसोदियांशी भोसल्यांचं नातं सांगणारी वंशावळ मांडली गेली. वंशावळीचं काम सगळ्यांनाच पडतं.

आत वेड्या बाभळींचं रान माजलं आहे. गावातल्या पोरांनी वाट मोकळी केली आहे तेवढीच. नदीच्या अंगाला पडक्या महालाच्या भिंती, जवळ हत्तीच्या मोटेचं बांधकाम, जिने भीमेचं पाणी किल्ल्यात चढवत. आणि मधे मधे यादवकाळातली देवळं: लक्ष्मीनारायण, मल्लिकार्जुन, रामेश्वर, भैरवनाथ. लक्ष्मीनारायणाच्या कोरीव खांबांना हात लावला तर सकाळच्या उन्हातही थंड लागले. संभाजीराजांना इथेच बादशहापुढे आणलं.

देवळाच्या पायरीवर बसून मित्राने पेन काढलं. आई-बाप निम्मे-निम्मे, आजा-आजी सरासरी चौथाई, या हिशेबाने औरंगजेबाचा रुपया मोडला. आई मुमताजमहल, तेहरानहून आलेल्या गियासबेगच्या घराण्यातली: आठ आणे. आजी जगत गोसाईं, जोधपूरची राठोड: चार आणे. आज्याची, म्हणजे जहांगीरची आई, आमेरची कछवाही: दोन आणे. अकबराची आई हमीदाबानू, इराणी कुळातली: एक आणा. उरलेला एक आणा हुमायून, त्यातला अर्धा बाबराचा, आणि बाबराच्या आईचा जुना एक पैसा. मोंगल म्हणून ज्याचं नाव घेतो त्या बादशहात सहा आणे रजपूत, निदान नऊ आणे इराणी. चंगेजखान असलाच तर त्या एका पैशात, आणि तोही तिच्या सुमारे तेरा पिढ्या मागे.