दत्तक जाणाऱ्या कुत्र्याचा फोटो

निवाऱ्यातल्या कुत्र्याचा फोटो काढला जातो तो त्याला घर मिळावं म्हणून. तेव्हा तो देखणा नसला तरी चालेल, खरा हवा. कुत्र्याची उंची, वय, अंगकाठी आणि जमेल तितका स्वभाव त्यातून बघणाऱ्याला कळावा. अमेरिकेत दत्तक गेलेल्या कुत्र्यांच्या फोटोंवरचा एक अभ्यास २०१५ साली प्रसिद्ध झाला. फोटो स्वच्छ असेल, उघड्यावर काढलेला असेल, कुत्रं उभं राहून थेट कॅमेऱ्याकडे बघत असेल, तर घर लवकर मिळतं, असं त्यात आढळलं.

असा फोटो काढायला ग्वाल्हेरात पहिली अडचण उन्हाची, दुसरी दगडाची. मे महिन्यात पारा पंचेचाळिशीच्या आसपास जातो. ऊन चढलं की कुत्रं डोळे बारीक करून धापा टाकत बसतं, म्हणून काम सकाळीच उरकावं लागतं. इथला वालुकाश्म फिकट पिवळसर, गावठी कुत्रंही बहुधा बदामी. अशा भिंतीपुढे ते दिसेनासंच होतं. त्यापेक्षा हिरवं रंगवलेलं जुनं दार किंवा शहराच्या लष्कर भागातल्या एखाद्या वाड्याच्या चौकातली सावली बरी. काळ्या कुत्र्याचं उलट. पांढऱ्या भिंतीपुढे त्याच्या चेहऱ्याचा नुसता डाग उमटतो. मोबाईलवर त्याच्या चेहऱ्यावर बोट टेकवून उजेड वाढवावा लागतो. फ्लॅश तर नकोच. डोळ्यांच्या मागच्या परावर्तक थरामुळे बुबुळं हिरवी चमकतात आणि गरीब कुत्रंही भुतासारखं दिसतं.

उभ्यानं फोटो काढला की डोकं मोठं आणि पाय आखूड येतात. जमिनीवर बसून कॅमेरा कुत्र्याच्या डोळ्यांशी आणणं उत्तम. मात्र अनोळखी माणसानं रोखलेली नजर कुत्र्याला धमकी वाटते, आणि भिंग म्हणजे तशीच नजर. म्हणून रोज पोळी घालणारा माणूस शेजारी असावा. त्यानं भिंगाच्या वर बिस्किट धरलं की कान टवकारतात, तेवढ्यात बटण दाबायचं. शेपूट पायांत घातलेली असेल, तर त्या दिवशी फोटोचा नाद सोडावा.

दत्ताच्या तसबिरीतली चार कुत्री मराठी घरांना पिढ्यान्‌पिढ्या ओळखीची. तरी पाळायची वेळ आली की लॅब्रॅडॉरच आठवतो. ग्वाल्हेरजवळ टेकनपूरला सीमा सुरक्षा दलाच्या केंद्रात मुधोळ हाउंडसारख्या देशी जातीची कुत्री कामासाठी तयार केली जातात, पण गल्लीतल्या कुत्र्याला त्या कौतुकाचा वाटा मिळत नाही. जखमा आणि बरगड्या दाखवणारे फोटो बघून लोक हळहळतात, उपचारांना पैसेही देतात. घरी न्यायला मात्र कचरतात. त्यापेक्षा पट्टा घालून सतरंजीवर पसरलेलं कुत्रं दाखवावं. हे आपल्याकडे नांदेल, असं त्यावरून वाटतं.

एक फोटो बाजूनं घ्यावा. नसबंदी झालेल्या कुत्र्याच्या कानाला खाच पाडलेली असते, ती त्यात स्पष्ट दिसते. सर्वोच्च न्यायालयाच्या २२ ऑगस्ट २०२५ च्या आदेशानुसार रस्त्यावरचं कुत्रं दत्तक घ्यायला पालिकेकडे अर्ज करता येतो. मात्र ते पुन्हा रस्त्यावर येणार नाही, ही जबाबदारी अर्जदाराची. म्हणून फोटोखाली लस, नसबंदी आणि खोडी, तिन्ही लिहाव्यात: मांजरामागे धावतं, फटाक्यांना घाबरतं. पिल्लांचे फोटो महिन्याभरात जुने होतात. ते नव्यानं काढावे लागतात.