हमालाची पाठ

आज माझ्या माहितीपटासाठी लातूरच्या आडत बाजारात दिवसभर सोयाबीनच्या थप्प्यांपाशी होतो. एका मामांनी पोतं पाठीवर घेता घेता विचारलं, "आमच्यात काय बघायलाव, भाऊ?" म्हणालो, "तुमचा हात." पोत्याला आकडा लावताना त्यांचं मनगट असं काही वळतं, की वजन आपसूक पाठीवर येतं. या कसबाचं प्रमाणपत्र कोणी देत नाही.

असे हात बातमीतही टिकत नाहीत. एप्रिल 2016 मध्ये, दुष्काळात, मिरजेहून पाण्याची रेल्वे आली, तेव्हा देशभरचे कॅमेरे लातुरात होते. वाघिणी सगळ्यांनी दाखवल्या. टँकरसाठी रात्र जागणाऱ्या बाया बातमीत क्षणभर आल्या नि गेल्या. माझ्या मते बातमी निघून गेल्यावरही माहितीपटानं तिथं थांबून राहायला हवं. माहितीपटकार आनंद पटवर्धनांनी मुंबईच्या रमाबाई नगरातल्या 1997 च्या पोलीस गोळीबारानंतर 'जय भीम कॉम्रेड' हा माहितीपट हाती घेतला. तो पुरा व्हायला 2011 उजाडलं. आणि मग तो वस्त्यावस्त्यांत दाखवला. हे मला फार मोठं वाटतं. निर्माता मिळत नाही म्हणून घाईनं गुंडाळायचं नाही, हे मी त्यातून घेतलं.

उद्या पहाटेच्या गाडीनं नांदेड. उजाडायच्या आत रस्ते झाडणाऱ्या मावशींसोबत फिरायचंय. पहिल्या दिवशी कॅमेरा पिशवीतच राहील. आणि फिल्म झाली, की पहिला पडदा याच आडतीच्या आवारात लावायचा, हमालांना विचारून, त्यांच्या सोयीच्या वेळी.