जुहूच्या वाळूवरचा निळा दंश

पावसाळ्यात, विशेषतः जुलै-ऑगस्टच्या सुमारास, समुद्रावरचा वारा जोर धरतो तेव्हा मुंबईच्या चौपाट्यांवर निळसर, पारदर्शक फुगे वाहून येतात. लोक त्यांना ‘ब्लू बॉटल’ म्हणतात आणि जेलीफिश समजतात, परंतु शास्त्रात ज्याला फायसेलिया म्हणतात तो हा जीव खरा जेलीफिश नव्हे, आणि काटेकोरपणे पाहिल्यास तो एकटा प्राणीही नव्हे. सायफोनोफोर या गटातली ती एक वसाहत आहे, म्हणजे एकाच अंड्यापासून वाढलेल्या अनेक जीवकांनी आपापसांत कामे वाटून घेतलेली असतात: एक जीवक वायूने भरलेला फुगा होतो, काही अन्न पचवतात, काही प्रजनन करतात, तर काहींना शिकार पकडणारे शुंडक, म्हणजे लांब लोंबते धागे, असतात. या गटातल्या बहुतेक जाती पृष्ठभागाखाली, कित्येक तर खोल समुद्रातल्या अंधारात राहतात; फायसेलिया मात्र पाण्यावर तरंगते, तिला पोहता येत नाही, आणि फुग्यावरची शिडासारखी कड वारा नेईल तिकडे ती जाते. किनाऱ्याला लागणे म्हणजे तिचा स्वतःचा शेवट असतो. त्यामुळे माणसांना झालेल्या दंशाच्या बातम्यांत तिच्या नावे जो ‘हल्ला’ मांडला जातो तो अन्यायाचा आहे.

प्रस्तुत लेखिकेला हा दंश जुहूला, घोट्याइतक्या पाण्यात झाला. लाट ओसरताना एक निळा धागा पायाभोवती गुंडाळला गेला, चटका बसला आणि पाहता पाहता ती आग पोटरीपर्यंत चढली. थोड्या वेळाने जांघेत अवधाण येऊन पाऊल टाकणेही जड झाले. घोट्याभोवती उठलेली रेघ सलग नव्हती, तर बारीक पांढरट फोड ओळीने उठले होते आणि प्रत्येकाभोवती लाल कडा होती, कारण शुंडकावर दंशपेशींचे पुंजके असेच अंतरा-अंतराने असतात. ज्या फुग्याचा तो धागा होता तो दोन हातांवर वाळूत पडला होता, अंगठ्याहून फारसा मोठा नव्हता, आणि त्याची वरची कड अजून हलत होती.

भोवती जमलेल्यांपैकी कोणी ओली वाळू चोळायला सांगितले, कोणी भेळेच्या गाडीवरून कापलेले लिंबू आणले. या सगळ्यांना मनापासून मदत करायची होती, आणि म्हणूनच दंशपेशीचे कार्य सर्वांना ठाऊक असणे फार निकडीचे वाटते. प्रत्येक दंशपेशीत एक सूक्ष्म कुपी असते आणि तिच्यात पोकळ, विषारी दोरा प्रचंड दाबाखाली गुंडाळलेला असतो. स्पर्श होताच कुपी फुटते आणि दोरा त्वचेत घुसतो. फायसेलियाच्या दूरच्या नात्यातल्या हायड्रा या गोड्या पाण्यातल्या प्राण्यात या क्रियेचा पहिला टप्पा सुमारे 700 नॅनोसेकंदांत, म्हणजे सेकंदाच्या दहा लाखाव्या भागापेक्षाही कमी वेळात, पुरा होतो असे मोजले गेले आहे. यासाठी मेंदूची आज्ञा लागत नाही, किंबहुना वसाहत जिवंत असण्याचीही गरज नसते. म्हणूनच वाळूत मरून पडलेल्या फुग्याचा तुटका धागाही मुलांच्या हाताला तसाच डसतो. त्वचेला चिकटलेल्या धाग्यात न फुटलेल्या कुप्या पुष्कळ उरतात, आणि वाळू चोळल्याने नेमक्या त्याच फुटतात.

एका वयस्क कोळीणबाईंनी मात्र कोणाला चोळू दिले नाही. त्यांनी शहाळ्याच्या दोन स्ट्रॉंमध्ये धरून धागा सोडवला, समुद्राच्याच पाण्याने पाय धुतला, आणि मग चहाच्या टपरीवरून गरम पाणी मागवून, ते सोसेल इतपत निववून, बादलीत पाय ठेवायला लावले. या रूढ शहाणपणाला वैद्यकाचा आधार आहे. फायसेलियाच्या विषाचा मोठा भाग प्रथिनांचा असतो आणि उष्णतेने प्रथिनांची रचना बिघडते, हे त्यामागचे प्रचलित स्पष्टीकरण होय. ऑस्ट्रेलियातील न्यू साउथ वेल्सच्या किनाऱ्यावर 96 रुग्णांवर झालेल्या आणि 2006 मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत, 45 अंश सेल्सिअसच्या पाण्यात दंशाचा भाग बुडवून ठेवलेल्यांपैकी 87 टक्के लोकांची वेदना वीस मिनिटांत कमी झाली, तर बर्फ लावलेल्यांत हे प्रमाण 33 टक्केच राहिले. लेखिकेचा ठणकाही त्या बादलीतच उतरला. रेघ मात्र पुढे बरेच दिवस टिकली आणि खाजत राहिली.

पुढे डॉक्टरांकडे गेल्यावर त्यांनी वेदनेपेक्षा श्वासाची चौकशी अधिक बारकाईने केली, आणि त्या चौकशीचा इतिहास पुन्हा याच प्राण्यापाशी जातो. 1901 मध्ये मोनॅकोचे प्रिन्स पहिले आल्बेर यांच्या संशोधन-नौकेवर शार्ल रिशे आणि पॉल पोर्तिए यांनी फायसेलियाच्या विषाचा अभ्यास आरंभला. फ्रान्सला परतल्यावर फायसेलिया मिळेना, म्हणून समुद्रफुलाचे विष घेऊन कुत्र्यांवर प्रयोग केले. पहिल्या मात्रेने संरक्षण मिळेल अशी अपेक्षा असताना, काही आठवड्यांनी दिलेल्या अल्प मात्रेनेच कुत्रा मिनिटांत दगावला. शरीराच्या या उलट, तीव्र प्रतिक्रियेला त्यांनी 1902 मध्ये ॲनाफिलॅक्सिस हे नाव दिले, आणि या कार्यासाठी रिशे यांना 1913 चे नोबेल पारितोषिक मिळाले. पूर्वी दंश झालेल्या व्यक्तीला पुन्हा दंश झाला आणि धाप लागली, ओठ सुजले किंवा अंगभर गांधी उठल्या, तर गरम पाण्याच्या बादलीपाशी न थांबता तिला तडक रुग्णालयात न्यावे लागते ते याच कारणासाठी.