सुरमई बंद आहे

'गालात राहतो' म्हटलं की मालवणची मंडळी अजून हसतात. मस्कतमधला आमचा गाला म्हणजे मागे उघडेबोडके डोंगर, पुढे गॅरेजं, गोदामं, ऑफिसं. समुद्र दिसत नाही. पण सुलतान कबूस हायवे ओलांडला की अझैबाचा किनारा जवळच, वाळूवर होड्या ओढून ठेवलेल्या.

सप्टेंबरात तिथल्या एका म्हाताऱ्या मच्छीमाराला मी सुरमई विचारली. "कनद? ममनू," म्हणजे मनाई, एवढं बोलून तो पुन्हा जाळं सांधायला लागला. 15 ऑगस्ट ते 15 ऑक्टोबर ओमानात सुरमई धरायची नाही, विकायचीही नाही. तिच्या विणीचा काळ. आपल्याकडची बंदी 1 जून ते 31 जुलै. आपण नारळी पौर्णिमेला नारळ सोडून होड्या लोटतो, त्याच सुमारास इथे सुरमईची जाळी गुंडाळतात.

तारलीची गोष्ट वेगळी. पुढे बातिनाच्या किनाऱ्यावर तिची चक्क रापण लागते, आपल्यासारखीच. फक्त दोर ओढायला पिकअप गाड्या. तारलीला इथे ऊमा म्हणतात. वाळूवर सुकवून उंटागुरांना घालतात. तारलीचं तिखलं आठवून मला उंटांचा हेवा वाटला.

म्हाताऱ्याचा बाप शाशा वल्हवायचा. खजुराच्या झावळ्यांचे दांडे दोरीने बांधून केलेली होडी. पाणी आत शिरतं, पण बुडत नाही. आता फायबरची होडी आणि इंजिन. मुलगा ऑफिसात, फक्त शुक्रवारी येतो. "मग ही होडी पुढे कोण नेणार?" विचारलं, तर त्याने हिंदीत हवामानाचं बोलणं काढलं.

मीही पुढे विचारलं नाही. आमच्या रापणीतला वाटा आजोबांबरोबरच संपला. चुलतभाऊ तेवढा अजून दर्यावर जातो. पर्ससीनवर सरकारने 2016 मध्ये निर्बंध आणले, तरी रात्री दूरवर एलईडीचे दिवे दिसले की तो झोपत नाही. सकाळी रापणीला काय लागणार ते त्याला तेव्हाच कळतं.

त्याला इथल्या बंदीचं फोनवर सांगितलं, होड्यांचे फोटो पाठवले. सुरमईचा भाव विचारील असं वाटलं होतं. त्याने फोटो मोठा करून पाहिला असावा.

"थयल्या जाळ्याचो आस केवढो गो?"