उंटाची मान

शार्ङ्गदेवाचं नाव निघालं की आपण नकळत सावरून बसतो. ‘संगीतरत्नाकर’ हा सात अध्यायांचा संस्कृत ग्रंथ त्याने तेराव्या शतकाच्या पूर्वार्धात, यादव राजा सिंघणाच्या पदरी असताना लिहिला. छत्रपती संभाजीनगरपासून जेमतेम १५ किलोमीटरवरच्या देवगिरीत. आजोबा भास्कर काश्मीरहून दक्षिणेत आलेले, वडील सोढल यादवांच्या आश्रयाला, आणि शार्ङ्गदेव स्वतः श्रीकरणाधिप, म्हणजे राज्याच्या हिशेबखात्याचा प्रमुख. दिवसा जमाखर्च पाहणाऱ्या माणसाने गाण्याचं शास्त्र लिहिलं, याचं मला फार अप्रूप आहे. मात्र या ग्रंथाची एक बाजू आपण आदरापोटी झाकून ठेवली आहे. धडपडणाऱ्या, फसणाऱ्या, गळा ताणून बसलेल्या गवयाची इतकी नेमकी आणि इतकी हसवणारी चित्रं आपल्याकडे फार थोड्यांनी काढली असतील. गवयावरचं खरं हसू गाणं जाणणाऱ्यालाच साधतं, असं माझं म्हणणं आहे, आणि त्याचा जुना पुरावा देवगिरीच्या डोंगराच्या पायथ्याशी सापडतो.

तिसऱ्या, प्रकीर्णक अध्यायात गाणाऱ्याचे २५ दोष दिले आहेत. दात आवळून गातो तो संदष्ट. आ वासतो तो कराली. आवाज कावळ्यासारखा तो काकी. उंटासारखी मान उंच करून गातो तो करभ. गळा भोपळ्यासारखा फुगवतो तो तुंबकी, डोळे मिटून घेतो तो निमीलक. बकरीसारखं तोंड करणाराही सुटलेला नाही. शिरा फुगवून गाणाऱ्या झोंबकाकडे तर अगदी जवळून पाहावं. तार सप्तकातला सूर लावायचा आहे, आवाज तिथवर पोचत नाही. मग सगळा भार मानेवर येतो, जबडा घट्ट होतो, कानाखालची शीर दोरीसारखी तट्ट उभी राहते, कपाळ लाल होतं, आणि सूर होता तिथेच राहतो. कोणी म्हणेल, ही शास्त्रकाराची वर्गवारी आहे, यातले बरेच दोष आधीच्या ग्रंथांतून चालत आले आहेत, यात विनोद कुठला? पण याच यादीत अपस्वर, विताल, स्थानभ्रष्ट अशी कोरडी, नेमकी नावंही आहेत. तशा नावांवर सगळीच यादी भागली असती. तरीही कावळा, उंट आणि भोपळा आले. ज्यांनी ही नावं घडवली आणि ज्याने ती इतक्या नेटक्या व्याख्यांसह जपली, त्यांनी मैफलींत समोर बसून पुष्कळ गवई पाहिले असणार.

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे. ज्याला धड मानधन मिळत नाही, ज्याचा गळा साथ देत नाही, त्याला हसणं क्रूरपणाचं नाही का? हसणारा दाराबाहेर उभा असेल तर नक्कीच आहे. शार्ङ्गदेव दाराबाहेर नाही. गायकांची तो उत्तम, मध्यम आणि अधम अशी प्रतवारी लावतो. मध्यमात काही गुण कमी असतात, दोष मात्र नसतात. सदोष तो अधम. पण अधम झाला तरी गायकच. त्याला पंगतीतून कुणी उठवत नाही. दुसऱ्याची नक्कल करणाऱ्या ‘अनुकारा’लाही गायकांच्या पाच प्रकारांत स्वतंत्र जागा दिली आहे. आणि उत्तम वृंद कसा असावा हे सांगताना त्याच्यातला हिशेबनीस जागा होतो: मुख्य गायक ४, त्यांना साथ करणारे ८, गायिका १२, बासरीवाले ४, मृदंगवाले ४. एकूण ३२ माणसं. सगळी नीट मोजलेली. एकेकाला मोजणारा माणूस कुणाला तुच्छ लेखत असेल असं मला वाटत नाही.

विनोदाची हीच जात मला ‘रेझिंग द विंड’ या १९६१च्या, आता जवळपास विसरलेल्या ब्रिटिश विनोदी चित्रपटात दिसते. नावाचा अर्थच पैशांची जुळवाजुळव. लंडनमध्ये संगीत शिकणारी मुलं खर्च वाचवायला एका घरात एकत्र राहतात, एवढंच कथानक. दिग्दर्शक जेराल्ड थॉमस. पटकथा आणि संगीत मात्र एकाच माणसाचं, ब्रूस मॉन्टगोमेरीचं. म्हणूनच त्यातला ऑर्केस्ट्राचा प्रसंग जमला आहे. केनेथ विल्यम्सचा घमेंडखोर विद्यार्थी छडी हातात घेऊन कसलेल्या वादकांपुढे उभा राहतो, आणि बघता बघता वाद्यवृंद त्याच्या हातून निसटून पुढे धावू लागतो. लय हातातून जाते म्हणजे नेमकं काय होतं हे स्वतः अनुभवलेल्या माणसालाच असा प्रसंग सुचेल. आपल्याकडे घराच्या अडचणीतून उभा राहिलेला ‘अशी ही बनवाबनवी’ १९८८ मध्ये आला. त्यातल्या सुधीरला गाण्याची ओढ आहे. पण हसू उसळतं ते साडी आणि सोंगातून. गाणं गोड पार्श्वभूमीला राहतं. चित्रपट माझ्या फार आवडीचा आहे, तरी त्यातला विनोद गवयाचा नाही असंच म्हणावं लागतं.

मग २०२० मध्ये चैतन्य ताम्हाणे यांचा ‘द डिसायपल’ आला, आणि आदित्य मोडक यांनी उभा केलेला शरद नेरुळकर पाहून छाती दडपली. या मुलाने रियाज केला, गुरूची सेवा केली, रात्र रात्र उपदेशाच्या टेप ऐकल्या. तरी गाणं त्याच्यापासून हातभर लांबच राहिलं. यासाठीही शार्ङ्गदेवाच्या प्रकीर्णक अध्यायात शब्द आहे: शारीर. अभ्यासाशिवायही राग प्रकट करण्याची आवाजातली शक्ती, शरीराबरोबरच जन्मलेली. ती विद्यादानाने, तपाने, शिवभक्तीने आणि मोठ्या भाग्याने मिळते, असं शार्ङ्गदेव सांगतो. शरदकडे तप आहे, भाग्य नाही. ही करुणा शार्ङ्गदेवाला पक्की माहीत होती आणि त्याच अध्यायात उंटही होता. आपल्या पडद्यावर करुणा आली, उंट आला नाही. गाणं ही साधना आहे, तिथे हसायचं नसतं, असं यावर कुणी सांगेल. साधनेचा मान मीही राखतो. पण मान वाकडी झाली, डोळे मिटले, श्रोत्यांकडे पाठ झाली, हे साधकाला सांगणार कोण? ते नेमकं आणि मायेने सांगायचं, तर त्याला थोडं हसू येईल असंच सांगावं लागतं.

गवयावर मायेने हसणारा असा चित्रपट लिहायला छत्रपती संभाजीनगर कमी पडणार नाही. विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागातून आणि ‘जिगीषा’सारख्या संस्थेतून मराठी रंगभूमीला लेखक-दिग्दर्शक मिळाले आहेत. लग्नसराईत बँडवाल्यांचे ताफे गुलमंडीच्या गर्दीतून घामाघूम होऊन वाट काढतात आणि पुढच्या चौकात तेच गाणं पुन्हा पहिल्यापासून धरतात. देवगिरी एक्स्प्रेस रोज रात्री मुंबईकडे निघते, आणि गवसणीत गुंडाळलेला तानपुरा गर्दीच्या डब्यात कुठे टेकवायचा हा प्रश्न अजून कुणी सोडवलेला नाही. ध्वनिमुद्रणात आता घसरलेला सूर यंत्राने जागेवर आणता येतो, तालही सरळ करता येतो; २५ पैकी चार-दोन दोष तसे पुसले जातील. आवळलेले दात, फुगलेला गळा, मिटलेले डोळे मात्र कॅमेऱ्यासमोर तसेच उरतात, आणि वरचा षड्ज जवळ आला की मान हळूहळू वर जाऊ लागते.