शब्दावर याचिका सोडू नकोस

भूगाव, ता. मुळशी

चि. सौ. अलका,

सोमवारी याचिका मागे घेतेस म्हणे! कारण काय, तर जादा पगाराच्या वसुलीचा आदेश रद्द करू, असा साहेबांनी शब्द दिला. तुझा फोन झाल्यापासून मला चैन नाही.

अगं, 2005 च्या बदल्यांच्या कायद्याने साहेब एका खुर्चीत साधारण तीन वर्षं. नव्या साहेबाला जुन्याचा शब्द दिसत नाही, फाईल दिसते. उभा जन्म मी आस्थापनेच्या टेबलावर काढला. टिपणीवर आलं नाही ते झालंच नाही, असंच तिथे धरतात. पण तुम्हाला साहेबाने चहा पाजला की झालं!

हेलपाट्यांना तू कंटाळलीस, कबूल. कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच आलं, पण पुणेकरांना मुंबईच. तरी वसुलीवरची स्थगिती याचिकेच्या जिवावर आहे, हे विसरू नकोस. याचिका गेली की स्थगिती गेली. पुढच्या पगारातून कपात सुरू, उरलेलं ग्रॅच्युइटीतून. आणि पुन्हा दाखल करायची मुभा न मागता मागे घेतलीस, तर त्याच कारणासाठी दुसरी रिट करता येत नाही. सरगुजा ट्रान्स्पोर्टच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1986 सालीच हे सांगून ठेवलंय.

तुझी बाजू लंगडी असती तर मीच म्हटलं असतं, सोड. पण डिसेंबर 2014 चा रफिक मसीहचा निकाल वाच. वर्ग तीन-चारचे कर्मचारी, निवृत्तीला वर्षही न उरलेले, पाच वर्षांहून जास्त काळ जादा पगार मिळालेले, यांच्याकडून वसुली नको. तू तिन्हीत बसतेस. फक्त वेतननिश्चितीच्या वेळी 'जादा रक्कम परत करीन' अशा हमीपत्रावर सही तर केली नव्हतीस ना? 2016 च्या जगदेव सिंगच्या निकालाने तिथेच पाचर मारलीय. सेवापुस्तक काढून बघ. मला धास्ती आहे ती त्याचीच.

2017 ला आपल्या भूगावात महाराष्ट्र केसरी झाली, तेव्हा शेवटची कुस्ती सोडून तू चहाला गेलीस, आणि अभिजित कटके जिंकल्याचं तुला लोकांच्या ओरड्यावरून कळलं. शेवटाआधी उठायची खोड जुनीच!

वसुलीचा आदेश रद्द केल्याचं तुमच्या कार्यालयाच्या वकिलाने न्यायालयात सांगावं आणि ते नोंदवून याचिका निकाली निघावी, मग खुशाल पेढे वाट. तोवर सोमवारी वकिलांना एवढंच सांग: पुढची तारीख घ्या.

तुझा,
मामा