मध लावला तर केस पांढरे होतात का, डॉक्टर?

मागच्या एप्रिलमध्ये एक आई आपल्या मुलीला घेऊन दवाखान्यात आली. मुलीची दहावीची परीक्षा नुकतीच संपली होती. खुर्चीत बसायच्या आधीच आई म्हणाली, "मॅडम, हिला जरा समजावून सांगा. केसांना मध लावायचं खूळ घेतलंय. पांढरे झाले म्हणजे कोण निस्तरणार?"

मुलगी मान खाली घालून बसली होती. दोन घट्ट वेण्या, तेलाने चापून बसवलेल्या, तरी कपाळावर आणि कानामागे कुरळ्या बटा सुटलेल्याच.

थोडं बोलल्यावर कळलं की खरं भांडण मधाचं नव्हतं. मे महिन्यात मावसबहिणीचं लग्न होतं आणि आईने पार्लरमध्ये मुलीचे केस सरळ करून घ्यायचं ठरवून आगाऊ पैसेही भरले होते. मुलीला ते नको होतं. तिने मोबाइलवर अमेरिकेतल्या एका कृष्णवर्णीय बाईचा व्हिडिओ पाहिला होता. तिचे केस हिच्यापेक्षा कितीतरी जास्त कुरळे, आणि ती कंडिशनरमध्ये मध कालवून लावत होती. "तिचे केस किती छान दिसतात. मग माझे सरळच का करायचे?" मुलगी एवढं एकच वाक्य बोलली.

मला लगेच उत्तर देता आलं नाही, कारण माझे स्वतःचे केस कुरळे आहेत. इंटर्नशिपच्या आधी मीही ते सरळ करून घेतले होते. लावलेलं द्रावण टाळूवर चुरचुरायला लागलं तेव्हा "थोडं होतंच तसं" असं ऐकून मी गप्प बसले. भावी डॉक्टर असूनही. तिसऱ्या दिवशी टाळूवर खपल्या धरल्या. पुढे मुळाकडून नवे कुरळे केस यायला लागले आणि खालचे काडीसारखे सरळ. ते जिथे जोडलेले असत तिथेच तुटायचे. डोक्यावरचा केस महिन्याला साधारण एक सेंटिमीटर वाढतो. हिशोब तुम्हीच करा. दोन वर्षांहून जास्त काळ मी ओढणी डोक्यावरून घेऊन स्कूटर चालवली आणि उन्हाचं कारण सांगितलं. मी त्वचारोगतज्ज्ञ झाले ती यामुळेच, असं मी म्हणणार नाही. पण त्या मुलीकडे पाहताना मला माझ्या खपल्या आठवल्या.

म्हणून आज मधाबद्दल नीट सांगते. कारण असे प्रश्न आले की आम्ही डॉक्टर पुष्कळदा "काही उपयोग नाही" म्हणून हात झटकतो. मीही झटकले आहेत.

आधी कुरळे केस कोरडे का असतात ते बघा. टाळूत तैलग्रंथी असतात, त्यातून निघणारं तेल केसावरून खाली उतरतं. सरळ केसावरून ते सहज घसरत टोकापर्यंत जातं. कुरळ्या केसाला वळणं असतात, त्यामुळे तेल मुळाशीच राहतं आणि टोकं उपाशी राहतात. शिवाय सरळ केस आडवा कापून सूक्ष्मदर्शकाखाली पाहिला तर बराचसा गोल दिसतो, आणि जितका जास्त कुरळा तितका तो चपटा, लंबगोल दिसतो. प्रत्येक वळणावर तो थोडा कमकुवत असतो. केसाचं बाहेरचं आवरण कौलांसारखं एकावर एक रचलेल्या खवल्यांचं असतं. वळणावर ही कौलं लवकर उचकटतात, आतला ओलावा उडतो, आणि कोरड्या केसातून कंगवा ओढला की केस तिथे तुटतो. म्हणजे तुमची मुलगी केसांकडे लक्ष देत नाही, आळशी आहे, वगैरे काही नसतं. तिच्या केसाची ठेवणच तशी आहे.

आता मध. मधात साधारण ८० टक्के साखर असते, मुख्यतः फ्रुक्टोज आणि ग्लुकोज, आणि १७-१८ टक्के पाणी. या साखरा पाणी धरून ठेवतात. पावसाळ्यात मधाच्या बाटलीचं झाकण उघडं राहिलं की मध पातळ होतो, तो याच गुणामुळे. केसावर मधाचा पातळ थर बसला तर तो ओलावा धरून ठेवायला मदत करतो. दुसरं म्हणजे मध आम्लधर्मी असतो, त्याचा पीएच साधारण ४ च्या आसपास. सौम्य आम्लात केसाची कौलं मिटून बसतात, म्हणून केस मऊ लागतो आणि थोडी चमक येते. बस, एवढंच. मध केसाला "पोषण" देत नाही. टाळूच्या बाहेर आलेला केस हा जिवंत भाग नाही, त्याला खाऊ घालता येत नाही. त्याला फक्त सांभाळता येतं.

हे पुस्तकातलं झालं. मी चार रविवार स्वतःवर करून पाहिलं तेव्हा पहिल्या रविवारी अगदी फजिती झाली. बाटलीतला घट्ट मध तसाच केसांना थापला. केसांचे गोळे झाले, बोटं आत जाईनात, आणि धुताना घाई केल्यामुळे रात्री उशीवर मुंग्या. दुसऱ्या रविवारी शहाणपण आलं. तीन पोहे खायचे चमचे साधं कंडिशनर आणि त्यात एक चमचा मध, वर थोडं कोमट पाणी, इतकं पातळ की बोटांतून ओघळेल. शाम्पू केलेल्या ओल्या केसांना, कानाच्या खालच्या भागाला जास्त, टाळूला जवळजवळ नाहीच. त्याच वेळी रुंद दातांच्या कंगव्याने टोकांकडून सुरुवात करून वर वर गेले. वीस मिनिटांनी भरपूर पाण्याने धुतलं. केस खरोखर मऊ झाले, गुंता कमी निघाला. पण प्रामाणिकपणे सांगते, तिसऱ्या रविवारी मी मध न घालता नुसतं कंडिशनर तसंच वीस मिनिटं ठेवलं, आणि बराचसा फायदा त्यातही झाला. उरलेला फरक मधाचा. तो आहे, पण मोठा नाही.

हवेचाही संबंध आहे. आमच्या साताऱ्यात एप्रिलमध्ये हवा इतकी कोरडी असते की मधाला ओलावा ओढायला हवेत काही शिल्लकच नसतं. अशा दिवसांत केस धुतल्यावर ओलसर टोकांना खोबरेल तेलाचे दोन-चार थेंब लावा, म्हणजे आतला ओलावा टिकेल. खोबरेल तेल केसाच्या आत शिरतं आणि केसातलं प्रथिन कमी झिजतं, हे मुंबईतल्या संशोधकांनी २००३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात दिसलं होतं. (ते संशोधक खोबरेल तेल विकणाऱ्याच कंपनीतले होते, हेही तुम्हाला माहीत असलेलं बरं. पण प्रयोग नीट केलेला आहे.) उलट चिपळूणची एक पेशंट जुलैमध्ये मध लावून आली ती पिंजारलेल्या, चिकट केसांनी. कोकणातल्या पावसाळ्यात हवेतच इतकं पाणी की मध ते ओढत राहतो आणि केस फुगतो. तिला मी सांगितलं, गणपती होईपर्यंत मध फक्त पोळीवर.

आता मूळ प्रश्न. मध लागला की केस पांढरे होतात, ही भीती आपल्याकडे पुष्कळ घरांत आहे. लहानपणी माझ्या बटेला मधाचं बोट लागलं तर आजी ओल्या फडक्याने खसाखसा पुसायची. केसाचा रंग मुळाशी असलेल्या रंगपेशींमध्ये तयार होतो. त्या पेशी दमल्या, संपल्या की केस पांढरा उगवतो. बाहेरच्या केसाला लावलेला मध तिथपर्यंत पोचत नाही. मात्र या भीतीत एक कणभर तथ्य आहे. मधात मधमाशांकडून आलेलं एक विकर असतं. मध पातळ केला की त्यामुळे अगदी थोडं हायड्रोजन पेरॉक्साइड तयार होतं. हो, केसांचा रंग उडवायला पार्लरमध्ये वापरतात तेच, पण तिथे ते ६ टक्के किंवा त्याहून जास्त असतं आणि इथे नगण्य. पातळ मध तासन् तास, पुन्हा पुन्हा ठेवला तर एखाद्याच्या केसात किंचित तांबूस झाक येऊ शकेल. वीस मिनिटांत काही होत नाही, आणि पांढरे तर मुळीच नाही.

कोणता मध आणायचा, असंही विचारलं जातं. महाबळेश्वर जवळ असल्यामुळे आमच्याकडे चांगला मध मिळतो. त्याच तालुक्यातलं मांघर २०२२ मध्ये मधाचं गाव म्हणून जाहीर झालं. पण तो जांभळाचा गडद मध डोक्यावर ओतू नका, खा. केसांना साधा मध पुरतो. मधाची साखर झाली म्हणजे भेसळ असंही समजू नका, शुद्ध मधही थिजतो. कोमट पाण्यात बाटली ठेवली की सुटतो.

एक गोष्ट मात्र त्या व्हिडिओबद्दल सांगायला हवी. ही कृती ज्यांच्याकडून आली त्यांचे केस आपल्यापेक्षा फार वेगळे आहेत, दाट वळणांचे आणि फार कोरडे. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय बायकांनी पिढ्यान् पिढ्या दाहक क्षारांनी केस सरळ केले, कारण तसे केल्याशिवाय नोकरीत आणि शाळेत धड वागणूक मिळत नसे. मग अनेकींनी ते सोडलं आणि आपले केस आहेत तसे सांभाळायच्या रीती एकमेकींना शिकवल्या. मध ही त्यातलीच एक. केसांच्या ठेवणीवरून भेदभाव करायला बंदी घालणारा कायदा कॅलिफोर्नियाने २०१९ मध्ये केला, म्हणजे बघा प्रकरण कुठवर गेलं होतं. त्यांची जाड लोणी-तेलांची कृती आपल्या लाटदार केसांवर जशीच्या तशी केली तर केस तेलकट होऊन लोंबतात. आपल्याला आठवड्यातून किंवा पंधरवड्यातून एकदा, आणि तेही पातळच.

कोणी लावू नये? मध, पराग किंवा मधमाशीच्या मेणाची अ‍ॅलर्जी असलेल्यांनी. शंका असेल तर कोपराच्या आतल्या बाजूला थेंबभर लावून दोन दिवस पाहा. टाळूवर फोड, पू, जखम असेल तर आधी दाखवा. एक वर्षाखालच्या बाळाच्या डोक्याला नको, कारण बाळ हात तोंडात घालतं आणि या वयात मध पोटात गेल्यास बॉट्युलिझम हा गंभीर आजार होऊ शकतो. चाटणसुद्धा नको. आणि मधात लिंबू पिळणं, खायचा सोडा घालणं असले प्रयोग कृपा करून नकोत.

केस सरळ करण्याबद्दल मी त्या आईला घाबरवलं नाही, पण लपवलंही नाही. काही द्रावणांतून तापवल्यावर फॉर्माल्डिहाइडची वाफ निघते. "फॉर्मेलिन नाही" असं लिहिलेल्या काही द्रावणांत ग्लायऑक्सिलिक आम्ल असतं, आणि त्यानंतर मूत्रपिंडाला अचानक इजा झालेल्या रुग्णांच्या नोंदी वैद्यकीय नियतकालिकांत आल्या आहेत. सगळ्यांनाच होतं असं नाही. पण सोळाव्या वर्षी, लग्नाच्या एका दिवसासाठी, मुलीची इच्छा नसताना?

आई बराच वेळ काही बोलली नाही. मग हळूच म्हणाली, "आगाऊ दिलेले पैसे परत मिळणार नाहीत." मी म्हटलं, तेवढ्यात तुमचं फेशियल होईल. ती हसली, आणि मग तिने विचारलं, "आणि हा मध माझ्या केसांना चालेल का? पुढून फार विरळ झालेत."

तिचा अंबाडा मी तोवर नीट पाहिलाच नव्हता. तिला तो सोडायला सांगितला. खाली मुलीसारखेच केस, तशाच कुरळ्या बटा. लग्न झाल्यापासून ती ते रोज ओढून, पिना मारून बांधत होती. "सासरी मोकळे केस चालायचे नाहीत, आणि हे असले झिपरे तर नाहीच." कपाळावरची केसांची रेघ दोन बोटं मागे गेली होती, कानशिलाजवळची त्वचा गुळगुळीत, केसांची छिद्रंही दिसत नव्हती. सतत ताण बसून केस मुळातून गेले की सुरुवातीला ते परत येतात. वीस वर्षांनी बहुतेक येत नाहीत. तिथे मध लावून काही होणार नाही, असं मला तिला सांगावं लागलं. केस मध्ये तुटत असतील तर मधासारख्या गोष्टीचा विचार करावा. मुळापासून गळत असतील, चट्टे पडले असतील, भांग रुंद होत असेल, तर मध बाजूला ठेवून लवकर यावं. तिने आणखी दहा वर्षं आधी विचारलं असतं तर मला काही करता आलं असतं.

मग मी मुलीच्या वेण्या सोडल्या आणि तिचीही रेघ पाहिली. कानशिलावर बारीक केस तुटलेले होते, पण छिद्रं जिवंत होती. वेणी सैल घालायची, रात्री मोकळी सोडायची, रविवारी मधाचं कंडिशनर. सहा आठवड्यांनी दाखवायला सांगितलं.

जूनमध्ये दोघी आल्या. मुलीने मोबाइलवर लग्नातले फोटो दाखवले, केस खांद्यावर मोकळे, कुरळे, एका बाजूला मोगऱ्याचा गजरा. आईचा अंबाडा यावेळी मानेवर सैल होता, पिना दोनच. "मॅडम," ती म्हणाली, "अर्धी बाटली मध उरलाय. खाल्ला तर चालेल ना?"

चालेल म्हटलं, फक्त डोक्याचा चमचा वेगळा ठेवा.